सुकाणू आणि शाळा

१८९५ च्या डिसेंबरात साउथ कॅरोलायना राज्याची नवी राज्यघटना लिहून झाली. कोलंबिया या राजधानीच्या शहरात सप्टेंबरपासून परिषद बसली होती. १६० सभासदांपैकी फक्त सहा काळे होते. काळ्या माणसाचं मत काढून घ्यायचं, हा या नव्या घटनेचा मुख्य हेतू होता आणि तो कुणी लपवूनही ठेवला नव्हता. सह्यांची वेळ आली तेव्हा ब्यूफर्टहून आलेले छप्पन्न वर्षांचे एक स्थूल गृहस्थ म्हणाले, मी सही करणार नाही. जो सही करणार नाही त्याला प्रवासखर्च देऊ नये, अशी सूचना पुढे आली. त्यावर त्यांनी सांगितलं, सही करण्यापेक्षा मी घरी चालत जाईन. कोलंबिया ते ब्यूफर्ट हे अंतर सुमारे दोनशे किलोमीटर आहे.

त्या गृहस्थांचं नाव रॉबर्ट स्मॉल्स. अमेरिकेत आज त्यांचं नाव निघालं की लोकांना एक रात्र आठवते. १८६२ सालच्या मे महिन्यात एका गुलाम खलाशाने शत्रूच्या बंदरातून आगबोट पळवून नेली, ती रात्र. गोष्ट खरी आहे, थरारक आहे आणि ती पुढे येईलच. पण त्या रात्रीला काही तास लागले. त्यानंतर हा माणूस राज्याच्या विधानसभेत बसला, सिनेटमध्ये बसला, काँग्रेसमध्ये गेला, तुरुंगात गेला, बाहेर आला. १८६८ आणि १८९५ या दोन्ही घटना-परिषदांत बसलेल्या मोजक्या लोकांत तो होता. एका परिषदेत त्याने मिळवलं ते दुसऱ्या परिषदेत त्याच्या डोळ्यांदेखत हिसकावलं गेलं. स्मॉल्स यांचं मोठेपण मोजायचं तर या दोन परिषदांच्या मधल्या सत्तावीस वर्षांत मोजायला हवं.

५ एप्रिल १८३९ रोजी ब्यूफर्टमध्ये प्रिन्स स्ट्रीटवरच्या मॅकी घराण्याच्या घरामागे, गुलामांच्या खोपटात रॉबर्टचा जन्म झाला. आई लिडिया पोलाइट घरकाम करणारी गुलाम. वडील मालकाच्या घराण्यातले असावेत, असं अनेक चरित्रकार मानतात. मालक हेन्री मॅकी याचा पोरावर जीव होता. रॉबर्ट त्याच्या मागे मागे हिंडे, त्याचं सामान उचले, घरातलं खाई. लिडियाला या लाडाचीच भीती वाटली. उद्या हा पोरगा स्वतःला कोण समजेल आणि कुठल्या गोऱ्याच्या तोंडाला लागेल! म्हणून तिने त्याला शेतावरचे गुलाम कसे राहतात ते दाखवलं आणि गावच्या तुरुंगाशी नेऊन फटक्यांची शिक्षा डोळ्यांनी बघायला लावली, असं या कुटुंबात सांगत आले आहेत. मुलाला आपण गुलाम आहोत हे मुद्दाम कळावं, ही त्या माउलीची शिकवणी. तिने ती जीव घट्ट करून दिली असणार.

१८६० च्या जनगणनेत साउथ कॅरोलायनात ७ लाख ३ हजार माणसं मोजली गेली आणि त्यांतली ४ लाख २ हजार गुलाम होती. निम्म्याहून अधिक राज्य दुसऱ्याच्या मालकीचं होतं. गुलामाला लिहा-वाचायला शिकवणं १८३४ पासून कायद्याने गुन्हा होता. ब्यूफर्टच्या आसपासच्या बेटांवर लांब धाग्याचा, रेशमासारखा मऊ 'सी आयलंड' कापूस पिकत असे आणि त्याच्या जोरावर तिथले मळेवाले देशातल्या श्रीमंतांत गणले जात.

बाराव्या वर्षी रॉबर्टला चार्ल्स्टनला मजुरीवर पाठवलं. पगार मालकाचा. त्यातला आठवड्याला एक डॉलर तेवढा पोराच्या हातात पडे. हॉटेलात वेटर, रस्त्यावरचे दिवे लावणारा, मग गोदीत हमाल, दोरखंड बांधणारा, शिडं शिवणारा असं करत करत तो सुकाणूवर पोचला. चार्ल्स्टनच्या बंदरातली वाळूची बेटं, प्रवाह, उथळ जागा त्याला तोंडपाठ झाल्या. काम पायलटचं होतं, पण गुलामाला पायलट म्हणायची रीत नव्हती. त्याला 'व्हीलमन' म्हणत, म्हणजे चाक धरणारा.

१८५६ च्या नाताळाच्या आदल्या दिवशी त्याने हॅना जोन्सशी लग्न केलं. ती हॉटेलात काम करणारी, वयाने मोठी, दोन मुलींची आई. तीही गुलामच. पुढे एलिझाबेथ नावाची मुलगी झाली, तेव्हा बायको आणि लेक विकत घेण्याची किंमत त्याने हॅनाच्या मालकाशी ठरवून घेतली. ती ८०० डॉलर होती. बोट पळवली त्या सुमारास त्याच्याकडे जेमतेम १०० साठले होते. आपल्याच लेकरासाठी बापाने हप्ते साठवावेत आणि मधल्या काळात मालकाला वाटलं तर त्याने ते लेकरू दुसऱ्याला विकावं, असा तो कायदा होता. त्या रात्रीमागचं कारण शोधायला शौर्याकडे जायची गरज नाही. हा हिशेब पुरे आहे.

'प्लँटर' ही बोट १८६० मध्ये बांधलेली. दोन्ही बाजूंना वल्ह्यांची मोठी चाकं, पाण्यात फार खोल न बसणारी, १,४०० गासड्या कापूस वाहील अशी. एप्रिल १८६१ मध्ये चार्ल्स्टनच्याच बंदरातल्या फोर्ट सम्टरवर तोफा डागल्या गेल्या आणि यादवी युद्ध सुरू झालं. दक्षिणेच्या सैन्याने 'प्लँटर' भाड्याने घेऊन तिच्यावर तोफा चढवल्या. उत्तरेच्या नौदलाने बंदराच्या तोंडाशी नाकेबंदी केली.

या नाकेबंदीशी मुंबईचंही नातं आहे. दक्षिणेचा कापूस लिव्हरपूलला जाईना, तेव्हा विलायतेच्या गिरण्यांनी खानदेश-वऱ्हाडच्या कापसाकडे मोर्चा वळवला. मुंबईत भाव कडाडले. प्रेमचंद रायचंद यांच्यासारख्या दलालांच्या हाती अमाप पैसा आला आणि समुद्र बुजवून जमीन करणाऱ्या बॅकबे कंपनीच्या शेअरवर शहर वेडं झालं. १८६५ मध्ये अमेरिकेतलं युद्ध संपल्याची बातमी आली आणि सगळा डोलारा कोसळला. राजाबाई टॉवर प्रेमचंदांच्या देणगीतून उभा राहिला आणि त्याला त्यांच्या आईचं नाव मिळालं. मुंबईला ज्या नाकेबंदीने श्रीमंत केलं, तिच्याच जहाजांकडे रॉबर्ट स्मॉल्स रोज सकाळी डेकवरून बघत असे. ती जहाजं फक्त काही मैलांवर उभी होती.

१२ मे १८६२ च्या संध्याकाळी 'प्लँटर' चार मोठ्या तोफा भरून चार्ल्स्टनच्या धक्क्याला लागली. कप्तान रिलिया आणि इतर दोन गोरे अधिकारी रात्री घरी झोपायला गेले. अधिकाऱ्यांनी रात्र बोटीवरच काढावी असा हुकूम होता, तो त्यांनी मोडला. पहाटे तीनच्या सुमारास गुलाम खलाशांनी बॉयलर पेटवला. बोट आधी दुसऱ्या धक्क्याला गेली. तिथे लपून बसलेल्या बायका-मुलांना घेतलं. एकूण आठ पुरुष, पाच बायका, तीन मुलं. पकडले गेलो तर बोट बुडवायची, तेही जमलं नाही तर हातात हात धरून पाण्यात उड्या टाकायच्या, असं ठरलं होतं.

स्मॉल्सने कप्तानाची गवती हॅट डोक्यावर चढवली. अंगकाठी साधारण सारखी होती. कप्तान कसा उभा राहतो, हात कसे बांधतो, हे त्याने महिनोन्महिने पाहिलं होतं. एकामागून एक किल्ले आले आणि प्रत्येक ठिकाणी त्याने ठरलेली शिटी वाजवली. सगळ्यांत अवघड होता तो सम्टर. तिथे साडेचारच्या सुमारास शिटी झाली, पहारेकऱ्याने जाऊ दिलं आणि बोट तोफांच्या टप्प्याबाहेर पडली. मग दक्षिणेचं निशाण उतरवून हॅनाने आणलेली पांढरी चादर वर चढवली. समोर 'ऑनवर्ड' नावाचं उत्तरेचं जहाज तोफा रोखून होतं. सूर्य उगवता उगवता त्यावरच्या कुणाला तरी चादर दिसली आणि गोळा सुटायचा राहिला.

बोटीसोबत तोफा मिळाल्या, खुणांच्या संदेशांचं पुस्तक मिळालं आणि सगळ्यांत मोलाचं म्हणजे पायलटच्या डोक्यातलं बंदर मिळालं. कोल्स बेटावरचा तळ दक्षिणेने सोडल्याची बातमी स्मॉल्सनेच दिली. काही दिवसांत उत्तरेने ते बेट न लढता घेतलं. काँग्रेसने खास कायदा करून बक्षीस मंजूर केलं आणि स्मॉल्सच्या वाट्याला १,५०० डॉलर आले. बोटीची खरी किंमत कितीतरी जास्त होती. ती चूक काँग्रेसने १९०० साली, म्हणजे अडतीस वर्षांनी मान्य केली आणि रक्कम ५,००० करून आधी दिलेले १,५०० त्यातून वळते केले.

१८६२ च्याच ऑगस्टमध्ये मॅन्सफील्ड फ्रेंच या पाद्र्यांबरोबर स्मॉल्स वॉशिंग्टनला गेले. काळ्या माणसांना सैन्यात घ्या, ही मागणी त्यांनी युद्धमंत्री स्टँटन यांच्यापुढे मांडली. पोर्ट रॉयल भागात ५,००० काळे स्वयंसेवक भरती करायची परवानगी मिळाली. पुढच्या एप्रिलमध्ये 'किओकक' या चिलखती जहाजाचे ते पायलट होते. नव्वदहून अधिक गोळे खाऊन ते जहाज दुसऱ्या दिवशी बुडालं, ते वाचले. डिसेंबर १८६३ मध्ये 'प्लँटर' माऱ्यात सापडली, तिचा गोरा कप्तान घाबरून कोळशाच्या कोठीत जाऊन लपला आणि स्मॉल्स यांनी बोट सुखरूप बाहेर काढली. त्यानंतर कप्तान तेच झाले.

मग एक साधी गोष्ट घडली. तिचं महत्त्व लढायांपेक्षा कमी नाही. १८६४ मध्ये 'प्लँटर' दुरुस्तीसाठी फिलाडेल्फियाला गेली आणि स्मॉल्स यांना तिथे काही महिने राहावं लागलं. त्या काळात त्यांनी शिक्षक धरला आणि वाचायला-लिहायला शिकून घेतलं. वय पंचवीस. याच शहरात घोड्यांच्या ट्राममध्ये काळे म्हणून त्यांना आत बसू दिलं नाही. युद्धातल्या नायकाला उत्तरेतल्या शहराने असं वागवलं, याचा बोभाटा झाला, निषेधसभा भरल्या आणि १८६७ मध्ये पेनसिल्व्हेनियाने हा भेदभाव कायद्याने बंद केला. कायदा काय करू शकतो, याचा धडा त्यांना तिथेही मिळाला असेल.

तोवर ब्यूफर्टमधून मळेवाले पळून गेले होते. कर थकलेली घरं सरकार लिलावात विकत होतं. प्रिन्स स्ट्रीटवरचं ते घर, ज्याच्या मागच्या खोपटात जन्म झाला तेच, स्मॉल्स यांनी लिलावात घेतलं. आधीचे मालक डी ट्रेव्हिल यांनी दावा लावला. प्रकरण थेट अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १८७८ मध्ये निकाल स्मॉल्स यांच्या बाजूने लागला. पुढे मॅकी घराण्यातली म्हातारी बाई भ्रमिष्ट अवस्थेत या घरी आली, आपण अजून इथल्याच मालकीण आहोत अशा समजुतीत वावरू लागली आणि स्मॉल्स यांनी तिला तिच्या जुन्या खोलीत राहू दिलं, अशी आठवण घरात सांगितली जाते.

जानेवारी १८६८. चार्ल्स्टनमध्ये राज्याची घटना नव्याने लिहायला १२४ सभासद जमले. त्यांतले सत्तरहून अधिक काळे होते आणि त्यांतले कितीतरी जण तीन-चार वर्षांपूर्वीपर्यंत कुणाची तरी मालमत्ता होते. अशी परिषद त्या देशात आधी कधी भरली नव्हती. तिच्यात स्मॉल्स यांनी ठराव आणला: राज्यात सर्वांसाठी खुल्या, मोफत सरकारी शाळांची व्यवस्था उभी करावी आणि मुलांना शाळेत पाठवणं सक्तीचं असावं. ठराव मांडणाऱ्याने स्वतः मुळाक्षरं गिरवून चार वर्षं झाली होती.

या मागणीला घटनेत जागा मिळाली. सहा ते सोळा वयाच्या मुलांना किमान चोवीस महिन्यांचं सक्तीचं शिक्षण आणि सरकारी पैशावर चालणाऱ्या शाळांत रंगभेदाला मनाई. साउथ कॅरोलायनात याआधी गरीब गोऱ्या मुलांसाठीसुद्धा धड सरकारी शाळा नव्हत्या. मळेवाल्यांची मुलं खासगी शिक्षकाकडे शिकत, गरीब गोऱ्यांतले अनेकजण अंगठा उठवत. म्हणजे गुलाम होते त्यांनी केलेल्या या घटनेने गोऱ्या गरिबाच्या पोरालाही पहिल्यांदा शाळेचा हक्क दिला. याच घटनेने कर्जापायी होणारा तुरुंगवास बंद केला, विवाहित स्त्रीच्या मालमत्तेला संरक्षण दिलं, पदासाठी जमीनजुमल्याची अट काढली. शाळांची सक्ती कागदावरच राहिली आणि वर्गही बहुतेक ठिकाणी वेगळेच भरले. तरीही १८७६ पर्यंत राज्याच्या शाळांत एक लाखाहून अधिक मुलं होती.

१८६८ मध्ये स्मॉल्स विधानसभेत निवडून आले. अमेरिकेच्या इतिहासात ज्या विधानसभेत काळ्या सभासदांचं बहुमत होतं अशी ही एकमेव. १८७० मध्ये त्यांच्या भागाचे सिनेटर जोनाथन राइट राज्याच्या सर्वोच्च न्यायालयावर न्यायमूर्ती झाले, तेव्हा त्यांच्या जागी स्मॉल्स सिनेटमध्ये गेले. राज्याच्या मिलिशियात ते मेजर जनरलच्या हुद्द्यापर्यंत चढले. गावात दुकान काढलं, वर्तमानपत्र चालवलं, चार्ल्स्टनमधल्या घोड्यांच्या रेल्वे कंपनीत भांडवल घातलं. बेटांवरच्या लोकांची गुल्ला बोली त्यांची जन्माची भाषा होती आणि सभेत ते ती बोलत. त्या भागात एक किस्सा अजून सांगतात. एक म्हातारा म्हणाला, स्मॉल्स जगातला सर्वांत मोठा माणूस. दुसरा म्हणाला, असेल, पण काही देव नव्हे. त्यावर पहिला म्हणाला, खरंय, पण स्मॉल्सचं वय अजून लहान आहे.

१८७३ हे साल मराठी वाचकाने इथे थांबून बघावं असं आहे. त्या वर्षी जोतीराव फुल्यांचं 'गुलामगिरी' प्रसिद्ध झालं. अमेरिकेतल्या ज्या सदाचारी लोकांनी गुलामांच्या मुक्तीसाठी स्वार्थ सोडून झीज सोसली, त्यांना फुल्यांनी ते अर्पण केलं. २४ सप्टेंबरला पुण्यात सत्यशोधक समाज स्थापन झाला. पुढच्याच महिन्यात, ऑक्टोबर १८७३ मध्ये, कोलंबियातल्या राज्य विद्यापीठात हेन्री हेन या काळ्या विद्यार्थ्याने वैद्यकीय शाखेत प्रवेश घेतला आणि गोऱ्या प्राध्यापकांपैकी काहींनी राजीनामे दिले. तरी विद्यापीठ चालू राहिलं. पुढची चार वर्षं दक्षिणेतलं हे एकच राज्य विद्यापीठ काळ्यांना शिकवत आणि पदव्या देत होतं. त्या वेळी सिनेटमध्ये स्मॉल्स बसत होते. फुले आणि स्मॉल्स यांची गाठ कधी पडली नाही. पण १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे फुल्यांनी बारा वर्षांपर्यंतचं प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा असं निवेदन दिलं, तेव्हा तीच मागणी चौदा वर्षांपूर्वी चार्ल्स्टनमध्ये एका मुक्त झालेल्या गुलामाने सभागृहात मांडून झाली होती.

आता जी गोष्ट आहे ती टाळून चालणार नाही. सिनेटमध्ये स्मॉल्स छपाई समितीचे अध्यक्ष होते. राज्याच्या छपाईच्या कंत्राटांत त्या काळी उघड लूट चालली होती. १८७७ मध्ये, गोऱ्या डेमोक्रॅटांच्या हाती राज्य आल्यावर, स्मॉल्स यांच्यावर खटला भरला गेला: कंत्राट मंजूर करायला ५,००० डॉलर लाच घेतली. मुख्य साक्षीदार सिनेटचा क्लार्क जोसिफस वुडरफ. तो स्वतः त्या लुटीतला मोठा वाटेकरी होता आणि माफीच्या बोलीवर साक्ष देत होता. ज्युरीने दोषी ठरवलं, तीन वर्षांची शिक्षा झाली. काही दिवस तुरुंगात काढून ते जामिनावर सुटले. काँग्रेसच्या जागेचा राजीनामा दिलात तर खटला गुंडाळतो, असे निरोप आपल्याला आले होते आणि आपण ते धुडकावले, असं स्मॉल्स यांनी पुढे सांगितलं. १८७९ मध्ये गव्हर्नर सिम्प्सन यांनी त्यांना माफी दिली आणि त्याच देवघेवीत केंद्र सरकारने निवडणुकीचे कायदे मोडल्याच्या आरोपांतून डेमोक्रॅटांना मोकळं केलं.

त्या सिनेटमध्ये पैसा फिरत होता, यात शंका नाही. पण वुडरफच्या शब्दावर कुणाला चोर ठरवणं कठीण आहे. न्याय हाच हेतू असता तर शिक्षा दोन पक्षांच्या सौद्यात विरघळली नसती. खटल्याचं राजकीय काम मात्र पुरेपूर झालं. पुढच्या प्रत्येक निवडणुकीत 'शिक्षा झालेला' हा शब्द त्यांच्या मागे लागला आणि मुक्त गुलामांच्या साऱ्या कारभारावरच भ्रष्टाचाराचा शिक्का मारायला तो दाखला कामी आला.

१८७६ हे वर्ष राज्याला उलटं फिरवणारं ठरलं. त्या वर्षाची सुरुवातच स्मॉल्स यांच्यासाठी वाईट झाली. मार्चमध्ये 'प्लँटर' दुसऱ्या एका अडकलेल्या जहाजाला ओढायला गेली आणि स्वतःच किनाऱ्यावर फुटली. घरचं माणूस गेल्यासारखं वाटलं, असं ते म्हणाले. जुलैच्या ८ तारखेला हँबर्ग गावी गोऱ्या टोळ्यांनी काळ्या मिलिशियाला वेढलं आणि शरण आलेल्यांतले निवडून निवडून मारले. स्मॉल्स तेव्हा काँग्रेसमध्ये होते. त्यांनी सभागृहात या प्रकाराचं वर्णन करणारं पत्र वाचून दाखवलं. पत्र कुणाचं, नाव सांगा, अशी ओरड झाली. नाव सांगून त्या माणसाला मरणाच्या तोंडी द्यायला त्यांनी साफ नकार दिला.

ऑगस्टमध्ये कोंबाही नदीकाठच्या भातमळ्यांवर मजुरांनी संप केला. मळेवाले रोख पैशाऐवजी कागदी चिठ्ठ्या देत आणि त्या चिठ्ठ्या त्यांच्याच दुकानात वटत. संपकऱ्यांसमोर बंदूकधारी गोरे येऊन उभे राहिले. गव्हर्नरने स्मॉल्स यांना पाठवलं. ते निःशस्त्र गेले, मजुरांशी बोलले. पुढारी स्वतःहून ब्यूफर्टला न्यायाधीशासमोर हजर झाले आणि सुटले. रक्ताचा थेंब न सांडता चिठ्ठ्यांची पद्धत मोडली. बोटीच्या कथेत हा प्रसंग कधी येत नाही. राज्याच्या राजकारणातला त्यांचा सगळ्यांत चोख दिवस कुठला, तर हाच.

पण त्या शरद ऋतूत लाल सदरे घातलेल्या घोडेस्वारांनी राज्यभर सभा उधळल्या, मतदारांना घरात कोंडलं आणि वेड हँप्टन गव्हर्नर झाले. १८७७ मध्ये केंद्राने फौज मागे घेतली. पुढच्या वर्षी गिलिसनव्हिलला स्मॉल्स यांच्या सभेलाच शेकडो लाल सदऱ्यांनी घेरलं. ते एका दुकानात अडकले. बातमी पसरताच आसपासच्या वाड्या-वस्त्यांवरून काळे पुरुष आणि बायका हाताला लागेल ते घेऊन निघाले, तेव्हा वेढा उठला.

बंदुकीने जे पुरतं साधलं नाही ते १८८२ च्या कायद्याने साधलं. आठ पदांसाठी आठ वेगळ्या मतपेट्या ठेवायच्या, चुकीच्या पेटीत पडलेलं मत बाद. पेटीवरचं नाव ज्याला वाचता येत नाही त्याने कुणाला विचारायचं? गोऱ्याला सांगणारे उभे असत. शाळेचा प्रश्न मताच्या प्रश्नापासून वेगळा नाही, हे या पेट्यांइतकं स्वच्छ दुसऱ्या कशाने दिसलं नसेल. गुलामाला अक्षर शिकवणं गुन्हा ठरवणाऱ्यांचे वारस आता अक्षर येत नाही म्हणून त्याचं मत बाद करत होते.

काँग्रेसमध्ये स्मॉल्स १८८७ पर्यंत जात-येत राहिले. कधी हरले, कधी निवडणुकीतल्या गैरप्रकारांविरुद्ध दाद मागून जागा परत मिळवली. पोर्ट रॉयलच्या नाविक तळासाठी पैसा आणला. १८८९ मध्ये ते ब्यूफर्ट बंदराचे जकात कलेक्टर झाले. दरम्यान १८८३ मध्ये हॅना वारली. पुढे ॲनी विग हिच्याशी लग्न झालं, तीही १८९५ मध्ये गेली.

त्याच वर्षी कोलंबियाला परिषद भरली. तिचे कर्तेकरविते बेन टिलमन, हँबर्गच्या हत्याकांडात आपण होतो हे फुशारकीने सांगणारे. सहा काळ्या सभासदांपैकी पाच एकट्या ब्यूफर्टचे, कारण काळ्यांचं मत तिथेच काय ते तग धरून होतं. प्रस्ताव असा: मतदाराने राज्यात दोन वर्षं राहिलेलं असावं, कर भरलेला असावा आणि घटनेतला कुठलाही भाग वाचून-लिहून दाखवावा, नाहीतर ३०० डॉलरची मालमत्ता असावी. पारख करणारा अधिकारी गोरा. टिलमन यांनी लाचेचा जुना खटला उकरून काढला. स्मॉल्स उठले आणि म्हणाले, माझ्या लोकांना खास बचावाची गरज नाही. त्यांचा या देशातला इतिहासच ते कुणाहून कमी नाहीत हे सांगतो. त्यांना हवी ती फक्त बरोबरीची संधी.

आणखी एक दुरुस्ती त्यांनी मांडली. गोऱ्या-काळ्यांच्या लग्नाला बंदी घालणारं कलम चर्चेला होतं. स्मॉल्स म्हणाले, मग हेही लिहा: जो गोरा पुरुष काळ्या बाईबरोबर संबंध ठेवेल त्याला कुठलंही सरकारी पद मिळू नये आणि त्या बाईच्या मुलांना बापाचं नाव आणि वारसा मिळावा. मालकाच्या घरामागच्या खोपटात जन्मलेल्या माणसाच्या तोंडून ही दुरुस्ती ऐकताना सभागृहातल्या कितीजणांनी माना खाली घातल्या असतील! दुरुस्ती नामंजूर झाली. लग्नबंदीचं कलम घटनेत गेलं आणि ते काढून टाकायला राज्याला १९९८ सालापर्यंत वेळ लागला.

घटना मंजूर झाली. शाळा राहिल्या, पण गोऱ्यांच्या आणि काळ्यांच्या वेगळ्या ठेवणं आता बंधनकारक झालं. स्मॉल्स यांनी सही केली नाही. ते ब्यूफर्टला परतले आणि काही वर्षांनी पुन्हा जकात कलेक्टर झाले. १९१३ मध्ये विल्सन यांच्या राजवटीत ते पदही गेलं. २३ फेब्रुवारी १९१५ रोजी प्रिन्स स्ट्रीटवरच्या त्याच घरात त्यांचा अंत झाला.

कोलंबियाच्या विधानभवनाच्या आवारात १९४० पासून बेन टिलमन यांचा पुतळा उभा आहे. २०२३ मध्ये अमेरिकेच्या नौदलाने दक्षिणेच्या विजयाचं नाव वागवणाऱ्या 'चान्सेलर्सव्हिल' या युद्धनौकेचं नाव बदलून 'रॉबर्ट स्मॉल्स' केलं. २०२४ मध्ये त्याच विधानभवनाच्या आवारात स्मॉल्स यांचा पुतळा उभारायचा कायदा साउथ कॅरोलायनाने केला. राज्यात आजही अनेक दुरुस्त्यांसह १८९५ चीच घटना लागू आहे. आणि ब्यूफर्ट परगण्यात रॉबर्ट स्मॉल्स यांच्या नावाची एक सरकारी शाळा आहे. तिथे गोरी, काळी सगळी मुलं एकाच वर्गात बसतात आणि फी भरावी लागत नाही.